जल्लाद म्हणजे चामडेवाला

काकाने त्या माणसाचं मुंडकं कातडी भिजवायच्या टाकीत दाबून धरलं होतं. एक हात त्याच्या मानगुटीवर, दुसरा स्वतःच्या कमरेवर. बघणाऱ्याला वाटावं की गडी चादर खळबळतोय. टाकीत म्हशीचं कातडं मुरत होतं आणि वास असा, की नवीन गिऱ्हाईक दारातच नाक धरतं. माणूस पाय झाडत होता. त्याच्या पायातला एक बूट उडाला आणि माझ्या मांडीवर येऊन पडला. मी पट्ट्याला भोकं पाडत बसले होते. बूट बाजूला ठेवला आणि पुढचं भोक पाडलं.

काकाने त्याला वर काढलं.

"बोल, जल्लाद म्हणजे काय?"

"फा... फाशी..."

परत आत.

"नीट आठव. घाई नाही. जल्लाद म्हणजे काय?"

"चा... चामडेवाला! चामडेवाला, शेठ!"

"शाब्बास." काकाने खांद्यावरचा टॉवेल त्याला तोंड पुसायला दिला. "पट्टा शनिवारी ने. बक्कल पितळी लावतो, गंजत नाही."

तो ट्रकवाला होता, गावात नवा. आत येता येता बोर्ड वाचला आणि दात काढत म्हणाला, "काय जल्लादसाहेब, आज किती लटकवले?" हा विनोद करणारा प्रत्येक जण समजतो की तो आपल्यालाच सुचलाय. शनिवारी तो आला, पट्टा कमरेला बांधून बघितला आणि जाताना मी न विचारता मलाच म्हणाला, "चामडेवाला, ताई. लक्षात आहे."

आमच्या गल्लीत लोक अरबी असे शिकलेत. शेजारचा न्हावी म्हणायचा, "याच्या शाळेत फी नाही. फक्त श्वास जातो."

जल्लाद हे आमचं आडनाव. कुणी चिडवून ठेवलेलं नाही, खरंखुरं. शाळेच्या दाखल्यावर तेच, लाइटच्या बिलावर तेच, आणि दुकानाच्या बोर्डावर लाल रंगात हातभर मोठं: जल्लाद, पट्टे, पिशव्या, खोगीर. आता जल्लाद म्हणजे काय हे शेंबड्या पोरालाही सांगावं लागत नाही. फाशी देणारा. पण काकाचं त्यावर एकच म्हणणं होतं, आणि ते त्याने लोकांची नाकं फोडून फोडून पक्कं केलं होतं. शब्द अरबी आहे. अरबीत जिल्द म्हणजे कातडं. पुस्तकाच्या कव्हराला जुनी माणसं जिल्द म्हणतात, तीच ही. अत्तर विकतो तो अत्तार, तसा जिल्दीचं काम करतो तो जल्लाद. कातडं कमावणारा, कापणारा, विकणारा.

"शब्दाच्या पोटात बघ," तो हातातलं चामडं अंगठ्याने चोळत मला सांगायचा. "दोर दिसतो का कुठे? नाही. कातडं दिसतं. मग संपला विषय."

विषय कधी संपला नाही.

काका दिसायलाही तसाच होता, हा त्याच्यावर देवाने केलेला वेगळा अन्याय. दारात उभा राहिला की दुकानात अंधार व्हायचा. भुवया जोडलेल्या, मान बैलासारखी, डावा कान अर्धाच. उरलेला अर्धा एका हमालाच्या पोटात गेला होता. त्या हमालाचे पुढचे दात काकाच्या मुठीत राहिले, म्हणून काका ते भांडण बरोबरीत सुटलं असं धरायचा. लहान पोरं त्याला बघून रडायची. ती गप्प व्हावीत म्हणून तो हसायचा, मग ती आणखीच बोंब मारायची.

तो शाळेत असताना मास्तरांना कुणाला झोडायचं असलं की ते छडी काकाच्या हातात द्यायचे. "घे रे, तुझ्या घराण्याचा धंदा आहे." सगळा वर्ग हसायचा, ज्याला मार बसणार तोही हसायचा. काका मारायचा. नाही मारलं तर त्याला स्वतःला बसायचा. घरी येऊन हात धूत बसायचा, आत्या सांगते, साबण संपेपर्यंत. एक दिवस मास्तरांनी छडी दिली आणि समोर कुणाला उभं केलं, तर माझ्या बापाला, म्हणजे काकाच्या धाकट्या भावाला. काकाने छडी हातात घेतली, वजन बघितलं आणि मास्तरांच्या तोंडावर आडवी ओढली. ओठ फाटला. त्याच दिवशी शाळा सुटली, ती कायमची.

माझीही तशीच सुटली. आठवीत एक पोरगी रोज माझ्या मागच्या बाकावरून गळा आवळल्यासारखा आवाज काढायची. मी तिला बाकावर आपटलं. हेडमास्तरांनी काकाला बोलावलं. मला वाटलं आज माझी धडगत नाही. काकाने सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "दात पुढचा पडला की मागचा?"

"पुढचा," हेडमास्तर म्हणाले.

"बरं झालं. मागच्याला फार त्रास होतो." मग माझ्याकडे वळला. "उद्यापासून दुकानात ये. तिथे टोचायला निदान आरी तरी मिळेल."

माझा बाप कारखान्यात मशीनच्या पट्ट्यात सापडून मेला होता. आईने दुसरं घर केलं. मी काकाच्या वाट्याला आले आणि त्याने मला कधी ओझं समजलं नाही. सगळ्या गावाला ठोकणारा माणूस, पण माझ्यावर हात टाकला नाही. एकदाच, मी महागाचं कातडं उलट्या बाजूने कापलं तेव्हा, त्याचा हात वर गेला. मी डोळे मिटले. धप्प आवाज झाला, मला काही लागलं नाही. डोळे उघडले तर त्याने तोच हात भिंतीवर मारला होता. दोन बोटं मोडली. मी बांधायला गेले तर मला म्हणतो, "भिंत नालायक आहे, सरकलीच नाही."

त्याचं लग्नही नावानेच खाल्लं. मुलीचा बाप धान्याचा व्यापारी होता, घरी येऊन बसला, म्हणाला, "मुलगी देतो, पण आडनाव बदला. पत्रिकेवर जल्लाद छापलं तर लोक जेवायला येतील की पळून जातील?" काकाने त्याला समजावलं. जिल्द, कातडं, सगळं. व्यापारी म्हणाला, "ते अरबस्तानात. इथे काय?" काका उठला, व्यापाऱ्याला खुर्चीसकट उचललं आणि रस्त्याच्या मधोमध नेऊन ठेवलं. खुर्ची परत आणली नाही. आत्या कपाळ बडवत राहिली. "अरे, एका नावासाठी आयुष्य जाळतोस?" आत्या त्याच्याहून मोठी, तिला तो उलटून बोलायचा नाही. फक्त म्हणाला, "नाव बदललं तर ते खरं ठरेल ना, अक्का."

तेव्हा मला ते वाक्य शहाणपणाचं वाटलं होतं.

मग वेल्डरला फाशी झाली.

आमच्या गावात तुरुंग आहे, मोठा, उंच भिंतींचा. वेल्डर पलीकडच्या गल्लीतला. त्याच्या बहिणीचा कारखान्यातल्या सुपरवायझरने हात धरला, आणि वेल्डरने त्याच कारखान्यात सगळ्यांसमोर सळईने सुपरवायझरचं डोकं फोडलं. सुपरवायझर कुणाचा तरी जावई होता. कोर्टाने फाशी सुनावली. सगळी वस्ती वेल्डरच्या बाजूची, आम्हीसुद्धा. काका तर म्हणायचा, "मी असतो तर सळई नसती वाया घालवली, हातानेच केलं असतं." ज्या दिवशी फाशी दिली त्या दिवशी गल्लीतलं एकही दुकान उघडलं नाही. आमचंही अर्धं शटर खाली होतं. काका आत बसून खोगिराला टाके घालत होता, कारण हात रिकामे राहिले की तो काहीतरी फोडतो.

फाशी कुणी दिली हे तुरुंगवाले सांगत नाहीत. तोंड झाकलेला माणूस होता, एवढंच बाहेर आलं. वेल्डरला पोहोचवून माणसं परत निघाली, डोळे लाल, हातांना काम नाही. आणि तिथे कुणीतरी म्हणालं, "गावात जल्लाद तर एकच आहे." दुसरा म्हणाला, "तुरुंगाची गाडी परवा त्याच्याच दुकानासमोर उभी होती, मी बघितली." गाडी उभी होती हे खरं. शिपायांचे पट्टे दुरुस्तीला आले होते, दर वर्षी येतात. पण त्या दिवशी कुणाला खरं ऐकायचं होतं?

न्हावी धावत आला. त्याचा धंदाच असा की बातमी आधी त्याच्याकडे येते. दारात धापा टाकत म्हणाला, "बोर्ड उतरव. दोस्ता, आजच्या दिवसापुरता उतरव. येतायत."

"कोण येतंय?"

"सगळे येतायत! म्हणतायत तू दिलीस!"

काका टाका पूर्ण करत म्हणाला, "मी चामडेवाला आहे, त्यांना माहीत आहे."

मी स्टूल घेतलं, बाहेर ठेवलं, वर चढले. बोर्डाचा एक खिळा उपटलाही. तेवढ्यात काका आतून आला.

"खाली उतर."

"काका, मारतील रे ते तुला."

"हात काढ, नाहीतर तोडीन."

त्याने आयुष्यात पहिल्यांदा मला असं म्हटलं. मी उतरले. बोर्ड एका बाजूने लोंबत राहिला. काकाने खिळा उचलला, हातातल्या लाकडी मोगरीने परत ठोकला, आणि तो ठोकत असतानाच ते कोपऱ्यावर आले.

सगळ्यात पुढे वेल्डरचा धाकटा भाऊ. गॅरेजमध्ये कामाला होता, आमच्याकडूनच पट्टे न्यायचा. त्याचा चेहरा पांढरा पडला होता. तो काकाच्या समोर येऊन उभा राहिला आणि अगदी हळू म्हणाला, "पाय ओढलेस का रे त्याचे? लवकर जावा म्हणून? तेवढं तरी केलंस का?"

काकाने त्याला जे येत होतं तेच केलं. "पोरा," तो म्हणाला, "जल्लाद म्हणजे काय?"

चूक झाली. दुसरं काहीही विचारायला हवं होतं.

धाकट्याने दगड मारला. काकाच्या भुवईवर बसला, रक्त डोळ्यात उतरलं. मग सगळे तुटून पडले. काकाच्या हातात मोगरी होती. पहिल्याचं खांद्याचं हाड मोडलं, मी आवाज ऐकला. दुसऱ्याचा जबडा सरकला. काका भिंतीला पाठ लावून उभा, आंधळ्यासारखा मोगरी फिरवतोय आणि ओरडतोय, "चामडेवाला! चामडेवाला!" न्हावी मध्ये पडला, त्याला कुणीतरी त्याच्याच दुकानाच्या काचेतून आत फेकलं. मी आरी घेऊन एकाच्या मांडीत घातली, मुठीपर्यंत. तो कोण होता ते मला माहीत आहे, अजून लंगडतो, आणि मला त्याचं काही वाईट वाटत नाही. मला केसाला धरून खाली पाडलं, बरगडीवर लाथा घातल्या.

काका पडला तेव्हा जमीन हादरली. त्यांनी त्याचा सदरा फाडला. दुकानात दांडीवर पट्टे टांगलेले होते, विक्रीचे, नवे कोरे. त्यांनी तेच ओढून काढले आणि त्याला फोडायला लागले. बक्कलच्या बाजूने. पितळी बक्कल. काकाची पाठ आधी लाल झाली, मग उघडी पडली. मधेच कुणीतरी थांबून विचारायचं, "बोल, तू कोण?" आणि तो धुळीत तोंड खुपसून म्हणायचा, "चामडेवाला." की परत सुरू. नुसतं हो म्हणाला असता तरी थांबले नसते, हे मला माहीत आहे. पण तो म्हणालाच नाही.

मग धाकट्याने एक लांब पट्टा बक्कलमधून ओवून फास केला, काकाच्या गळ्यात घातला आणि दुसरं टोक बोर्डाच्या वरच्या लोखंडी कडीतून काढलं. चौघांनी खेचलं. काका एवढा जड, पण उचलला गेला. त्याच्या टाचा जमिनीवरून सुटल्या, अंगठे तेवढे टेकत होते. जीभ बाहेर आली. दुसऱ्या कुणाचा पट्टा असता तर तुटला असता. काकाचा माल, तुटतोय कशाला.

मी रांगत आत गेले आणि रापी घेतली. रापी म्हणजे चामडं कापायची आमची रुंद पात्याची सुरी. काका ती रोज सकाळी दगडावर घासायचा. बाहेर येऊन मी स्टुलावर चढले आणि कडीपाशी पट्ट्यावर घाव घातला. पट्टा अर्धा गेला. धाकट्याने तो दोन्ही हातांनी वरच पकडला होता, बोटं कडीला लागून. मला ती बोटं दिसत होती. मी दुसरा घाव तिथेच घातला. पट्टा सुटला, त्याच्याबरोबर त्याची दोन बोटंही खाली पडली. काका माझ्या पायाशी कोसळला आणि धाकटा गुरासारखा ओरडायला लागला. त्या ओरडण्याने सगळे भानावर आले. आपण काय करतोय हे त्यांना तेव्हा दिसलं असावं. पोलिसांची गाडी आली तोवर गल्लीत चपला तेवढ्या उरल्या होत्या.

काका वाचला. गळ्यातलं काहीतरी चिरडलं होतं, ते परत जुळलं नाही. त्यानंतर तो बोलायचा तर चाकातून हवा निघाल्यासारखा आवाज यायचा. इस्पितळात साहेब आले, पोलिसातले, माणूस वाईट नव्हता. म्हणाले, "नाव बदलून घ्या. अर्ज द्या, मी लगेच करून देतो. एवढं झाल्यावर कुणी हसणार नाही." आत्या उशाशी रडत होती. "हो म्हण रे. माझ्यासाठी म्हण." काकाने साहेबांना खूण करून जवळ बोलावलं. साहेब वाकले. काकाने त्यांच्या कानात एकच शब्द सोडला. साहेब सरळ झाले आणि मला विचारलं, "काय म्हणाले? चामडे काय?"

मी हसले. बरगड्या मोडल्या होत्या, तरी हसले.

फाशी देणारा बाहेरगावाहून आणला होता, हे नंतर सगळ्यांना कळलं. एरवी कुठल्याशा शाळेत घंटा वाजवायचा म्हणे. त्यानंतर धाकटा दुकानात आला. हाताला फडकं गुंडाळलेलं. तो सरळ टाकीजवळ गेला, गुडघे टेकले आणि स्वतःच मान खाली घातली. काका उठला, त्याला कॉलर धरून वर ओढलं. "कातडं नासवशील," तो फुसफुसला. आणि एकच ठोसा असा दिला की धाकट्याचं नाक बसलं. मग त्याला स्टुलावर बसवलं, मान मागे करून धरली आणि रक्त थांबेपर्यंत तसाच उभा राहिला. पुढे काकाने त्याला उरलेल्या तीन बोटांना बसेल असा चामड्याचा पंजा शिवून दिला, पाना धरता यावा म्हणून. धाकटा तो अजून वापरतो. मी त्याच्याशी बोलत नाही. काकाने माफ केलं, तो काकाचा प्रश्न.

काका गेला तो दुकानातच, भर दुपारी, रापी हातात असताना. चामडं अर्धं कापलेलं होतं, बाकीचं मी कापलं. बोर्ड उतरवला नाही. आता तिथे मी बसते. विनोद करणारे अजून येतात, आणि टाकीही अजून तिथेच आहे.

हे सगळं आत्याला माहीत होतं, म्हणून मला वाटलं होतं की काका गेल्यावर ती तरी म्हणेल, नाव राखलं हो त्याने. एकदा मी तिच्याकडे गेले होते, कुणा गिऱ्हाइकाशी झालेलं भांडण रंगवून सांगत होते, जिल्द आणि कातडं. ती भाजी निवडत ऐकत होती. मग म्हणाली, "बस कर गं. तो गेला, आता मला तरी ऐकवू नकोस."

"का? खोटं आहे का?"

"शब्द खरा आहे. ज्या अत्तर विकणाऱ्या म्हाताऱ्याने त्याला हे शिकवलं, त्याने दोन्ही अर्थ सांगितले होते. कातडं विकणारा तोही जल्लाद, आणि लोकांच्या कातड्यावर चाबूक ओढणारा तोही जल्लाद." तिने देठ मोडला. "आपले आजोबा, म्हणजे तुझे पणजोबा, याच तुरुंगात फटके मारायचे. सरकारी नोकरी. त्याआधी आपलं आडनाव दुसरं होतं, ते मलाही माहीत नाही. लोक जल्लाद म्हणायला लागले, कारकुनाने तेच लिहिलं. सरकारी चाबूक लवकर फाटायचे म्हणून ते घरीच कातडं कमवून शिवायला लागले. आपल्या घरात चामडं आलं ते असं. एकदा एक कोवळा पोरगा त्यांच्या हाताखाली मेला, तेव्हा नोकरी सोडली आणि पट्टे शिवत बसले."

मी म्हटलं, "काकाला हे ठाऊक नसेल."

आत्याने माझ्याकडे असं बघितलं, की तिला माझी कीव आली असावी. म्हातारपणी आजोबांचा उजवा खांदा रात्रंदिवस ठणकायचा, ती म्हणाली, आणि त्याला तेल चोळायचं काम घरात काकाचं होतं. तो सहा-सात वर्षांचा असेल. हा खांदा कशाने दुखतो असं त्याने विचारलं होतं, आणि आजोबांनी त्याला सांगितलं होतं.